सस्तन प्राण्यांची प्रतबंदी व शेतकऱ्यास तिचा उपयोग

महसुलाच्या दप्तरांत ज्यांची हयात गेली त्यांस एक गोष्ट पक्की ठाऊक असते. जमीन वरून काळी दिसली म्हणून ती पहिल्या प्रतीची ठरत नाहीं. १८३५ सालीं इंदापूर तालुक्यांत गोल्डस्मिड व विंगेट ह्या दोघां अंमलदारांनीं नव्या पद्धतीची पाहणी सुरू केली, तेव्हांपासून शेतांत खड्डा खणावा, मातीची खोली पाहावी, तिच्यांतील दोष टिपावे आणि मग प्रत ठरवावी, अशी रीत पडली. नुसत्या रंगावर आकार बसविला असता तर चांगल्या रयतेवर अन्याय झाला असता व आळशाचा फायदा झाला असता. प्राण्यांची प्रतबंदीही ह्याच न्यायानें करावयाची असते. वरचें रूप पाहून जो वर्ग ठरवितो तो बहुधा फसतो, आणि त्याच्या फसण्याचा दंड दुसऱ्यास भरावा लागतो.

हा विषय सुचण्यास कारण असें झालें. गेल्या पावसाळ्याच्या अखेरीस आमच्या शिवारांत उंदरांचा फार उपद्रव झाला. तरुण मंडळीनें कंबर बांधली, बिळें खणलीं आणि मारलेल्या उंदरांचा ढीग बांधावर रचला. त्यांचा उत्साह पाहून आम्हांस संतोष वाटला. परंतु ढीग निरखतां त्यांत तीन चिचुंद्र्या निघाल्या, व बाजूस एक लहानसें वटवाघूळही मारून टाकलेलें दिसलें. विचारतां उत्तर मिळालें, “सगळे उंदीरच ते, काका ! एकाला तोंड लांब, एकाला पंख.” हें उत्तर ऐकून आम्हांस आमचीच एक जुनी चूक आठवली. ती पुढें सांगूं. आमचें शिक्षण मराठी शाळेपुरतेंच असून आम्ही प्राणिशास्त्राचे पंडित नव्हे. तथापि सेवानिवृत्तीनंतर ह्या विषयावरील पुस्तकें वाचून व जाणत्यांस विचारून जें समजलें तें वाचकांपुढें मांडीत आहों.

नांव कसें पडलें

आपल्याकडे ‘चतुष्पाद’ हा शब्द जुना आहे. युरोपांतही पूर्वी असेंच नांव रूढ होतें. स्वीडन देशांतील शास्त्रज्ञ लिनियस ह्यानें आपल्या वर्गीकरणाच्या ग्रंथाच्या आरंभींच्या आवृत्त्यांत ह्या वर्गास चतुष्पाद असेंच म्हटलें होतें, व देवमाशांस माशांत बसविलें होतें. पुढें १७५८ सालच्या दहाव्या आवृत्तींत त्यानें तें नांव सोडून स्तनांवरून वर्गाचें नांव ठेविलें, आणि देवमाशांस माशांतून काढून ह्या वर्गांत आणिलें. मराठींतील ‘सस्तन’ हा शब्द त्याच अर्थाचा आहे.

हा बदल किती योग्य होता तें पाहा. चार पाय पालीस आहेत, बेडकास आहेत, कासवासही आहेत. उलट देवमाशास मागचे पायच नाहींत, व वटवाघळाच्या पुढच्या पायांचे पंख झालेले आहेत. म्हणजे ‘चार पाय’ ही खूण नको त्यांस आंत घेते आणि हव्या त्यांस बाहेर ठेविते. ज्या हद्दीच्या दगडानें शेजाऱ्याचें शेत आपल्यांत येतें व आपलें शेजाऱ्याकडे जातें, तो दगड खोटा म्हणावा लागतो. ‘पिलांस दूध पाजणें’ ही खूण मात्र ह्या वर्गांतील झाडून सर्वांस लागू पडते व बाहेरच्या कोणासही लागू पडत नाहीं.

सस्तनांचीं लक्षणें

पहिलें लक्षण दूध. मादीच्या अंगांतील विशिष्ट ग्रंथींत दूध तयार होतें आणि पिलूं त्यावर वाढतें. ह्याच ठिकाणीं शेतकऱ्यानें एक गोष्ट ध्यानांत धरावी. गाईम्हशींची वार अशा बांधणीची असते कीं, आईच्या रक्तांतील रोगप्रतिकारक द्रव्यें तिच्यांतून गर्भाकडे जात नाहींत. वासरूं जन्मतें तें ह्या बाबतींत रिकाम्या हातानें जन्मतें. तीं द्रव्यें त्यास मिळतात तीं चिकांतून, आणि तींही पहिल्या दिवशींच. जन्मानंतर सुमारें चोवीस तासांत वासराच्या आंतड्यांची तीं द्रव्यें जशींच्या तशीं शोषून घेण्याची शक्ति संपते. असें असतां ‘वार पडेपर्यंत वासरूं लावूं नये’ अशी समजूत अनेक ठिकाणीं आहे. वार पडण्यास कधीं कधीं कित्येक तास लागतात, आणि तेवढ्यांत वासराचा लाखमोलाचा वेळ जातो. पहिला चीक जन्मानंतर दोन तासांच्या आंत पाजावा, व दिवसभरांत वासराच्या वजनाच्या सुमारें दहाव्या हिश्श्याइतका दोन-तीन वेळां विभागून द्यावा. खरवस करण्यास आमची हरकत नाहीं. तो उरलेल्या चिकाचा करावा, इतकेंच आमचें म्हणणें आहे.

दुसरें लक्षण केस. म्हशीच्या अंगावर ते विरळ असतात, मेंढीच्या अंगावर त्यांची लोकर होते, साळिंदराच्या पाठीवर त्यांचेच कांटे होतात. देवमासा अगदीं गुळगुळीत दिसतो, तरी त्याच्या जातींतील कित्येकांच्या तोंडावर निदान पिलूंपणीं थोडे राठ केस असतात. पक्ष्यास पिसें, सापास खवले, आणि सस्तनास केस, ही मोठी वाटणी आहे.

तिसरें लक्षण जबडा व कान यांतील हाडें. सस्तनाच्या खालच्या जबड्याच्या प्रत्येक बाजूस एकच हाड असतें. सरड्यासापांच्या जबड्यांत तीं अनेक असतात. उलट सस्तनाच्या कानांत हातोडी, ऐरण व रिकीब अशा आकाराचीं तीन इवलालीं हाडें असतात, तर पक्ष्यांच्या व सरपटणाऱ्या प्राण्यांच्या कानांत एकच असतें. प्राचीन काळच्या जीवाश्मांवरून असें सिद्ध झालें आहे कीं, पूर्वजांच्या जबड्याच्या सांध्यांतील दोन हाडें लहान होत होत कानांत गेलीं व तीच हातोडी व ऐरण झालीं. दूध व केस दगडांत क्वचितच टिकतात. म्हणून जुनी कवटी सस्तनाची कीं नव्हे हें ठरवितांना शास्त्रज्ञ ह्या हाडांचा आधार घेतात.

चौथें लक्षण दांत. बहुतेक सस्तनांच्या तोंडांत पुढें पटाशीचे दांत, मग सुळे, मग उपदाढा व दाढा असे कामाप्रमाणें निरनिराळे दांत असतात, आणि ते आयुष्यांत दोनदां येतात, आधीं दुधाचे, मग कायमचे. बैलबाजारांत जनावराचें तोंड उघडून जो पाहतो तो नकळत ह्याच लक्षणाचा उपयोग करितो. दुधाचे दांत पडले नाहींत तोंवर गोऱ्हा ‘आदत’. कायमच्या दांतांची पहिली जोडी सुमारें दोन-अडीच वर्षांनीं आली म्हणजे ‘दोनदाती’. मग ‘चारदाती’, ‘सहादाती’. आणि सुमारें चार-पांच वर्षांचा होऊन आठही दांत आले म्हणजे ‘जुळला’. हे आठही दांत खालच्या जबड्यांतले. वरच्या बाजूस गाईबैलांना पुढचे दांत नसतातच. तेथें कठीण हिरडी असते.

ह्यांखेरीज सर्व सस्तनांचें रक्त उष्ण असतें व हृदयास चार कप्पे असतात. परंतु हें पक्ष्यांतही आढळतें, म्हणून एवढ्यावरून वर्ग ठरवितां येत नाहीं. छाती व पोट यांमधील श्वासाचा स्नायुमय पडदा आणि रक्तांतील केंद्ररहित तांबड्या पेशी ह्या मात्र सस्तनांच्या पक्क्या खुणा होत. मानेच्या मणक्यांचीही अशीच मौज आहे. उंदराच्या मानेंत सात मणके, आणि जिराफाच्या मानेंतही सातच ! दोन-तीन अपवाद सोडल्यास हा आंकडा सर्व वर्गांत ढळत नाहीं.

तीन मोठे विभाग

आज जगांत सस्तनांच्या साडेसहा हजारांच्या आसपास जाती ज्ञात आहेत. त्यांचे तीन विभाग करितात.

पहिला विभाग अंडीं घालणाऱ्यांचा. ऑस्ट्रेलिया व न्यूगिनी येथील प्लॅटिपस व एकिड्ना एवढेच प्राणी त्यांत उरले आहेत. हे अंडीं घालतात, परंतु पिलें बाहेर आल्यावर त्यांस दूध पाजतात. त्यांस स्तनाग्रें नसतात. दूध कातडीवर झिरपतें व पिलूं तें चाटतें. अंडें पाहून कोणी त्यांस पक्ष्यांत बसवील तर चुकेल, कारण दूध आहे, केस आहेत, कानांत तीन हाडेंही आहेत.

दुसरा विभाग पिशवीवाल्यांचा. कांगारू हा त्यांतला प्रसिद्ध. ह्यांचें पिलूं अगदीं अपुरें असतां जन्मतें, सरपटत स्तनाग्रापर्यंत जातें, आणि बहुधा आईच्या पोटावरील पिशवींत वाढतें. हे प्राणी ऑस्ट्रेलियाकडे व अमेरिका खंडांत आढळतात.

तिसरा विभाग वारेवर पोसणाऱ्यांचा. ह्यांचा गर्भ आईच्या पोटांत वारेच्या योगें दीर्घकाळ पोसला जातो. उंदरापासून हत्तीपर्यंत आपल्या देशांतील सर्व सस्तन, आणि आपण स्वतः, ह्याच विभागांतील आहों.

आपल्या शिवारांतील गण

ह्या तिसऱ्या विभागाचे पुढें अनेक गण पाडिले आहेत. आपल्या नित्य परिचयाचे तेवढेच येथें सांगतों.

कुरतडणाऱ्यांचा गण सर्वांत मोठा. सस्तनांच्या एकंदर जातींपैकीं शेंकडा चाळीसांच्या आसपास जाती एकट्या ह्या गणांत आहेत. उंदीर, घूस, खार, साळिंदर हे सारे त्यांतले. वर एक जोडी व खालीं एक जोडी असे पटाशीचे दांत, सुळे मुळींच नाहींत, आणि पटाशी व दाढा यांमध्यें मोकळी जागा, ही ह्या गणाची खूण. हे पटाशीचे दांत जन्मभर वाढतात. त्यांच्या पुढच्या अंगास कठीण लुकण असतें व मागचें अंग मऊ असतें, त्यामुळें घासतांना धार आपोआप लागते. उंदीर कांहीं न कांहीं सतत कुरतडतो ह्याचें कारण हेंच. उंदरीण सुमारें तीन आठवड्यांत विते आणि एका वेळीं सहा-आठ पिलें देते.

ससा उंदरासारखा कुरतडतो म्हणून त्यासही पूर्वी ह्याच गणांत धरीत. परंतु त्याच्या वरच्या पटाशीच्या मागें आणखी एक लहान जोडी दडलेली असते. १९१२ सालापासून त्याचा गण निराळा मानूं लागले.

खुरवाल्यांत दोन गण आहेत. गाय, म्हैस, शेळी, मेंढी, हरीण, रानडुक्कर व उंट हे समखुरी. घोडा, गाढव व गेंडा हे विषमखुरी. गाईच्या पोटास चार कप्पे असून ती रवंथ करिते. घोडा रवंथ करीत नाहीं. देवमाशांचे सर्वांत जवळचे आप्त पाणघोडे, म्हणजे समखुरी होत, असें अलीकडे आनुवंशिक द्रव्याच्या तपासणीवरून निश्चित झालें आहे. लिनियसनें त्यांस माशांतून बाहेर काढिलें. आतां ते गाईच्या दूरच्या भाऊबंदांत येऊन बसले.

मांसभक्षकांच्या गणांत कुत्रा, कोल्हा, मांजर, बिबट्या व मुंगूस येतात. माकड, वानर व माणूस यांचा गण एक. ह्यांशिवाय तीन गण असे आहेत कीं, त्यांच्याविषयीं गैरसमज फार आहेत.

चिचुंद्री ही उंदीर नव्हे. तिचें तोंड लांब व अणकुचीदार, डोळे बारीक, अंगास उग्र वास, आणि जबड्यांत बारीक टोंकदार दांतांची सलग रांग असते. मुख्य आहार झुरळें, अळ्या, किडे. स्वयंपाकघरांतील उरलेंसुरलें ती खाते व घाण करिते हें खरें. परंतु कुरतडण्याची पटाशी तिच्यापाशीं नाहीं.

वटवाघूळ हा पक्षी नव्हे व उडणारा उंदीरही नव्हे. त्याच्या हाताचीं बोटें लांब होऊन त्यांवर कातडें ताणलेलें असतें. मादी पिलांस दूध पाजते. सस्तनांच्या एकंदर जातींपैकीं सुमारें एक पंचमांश जाती वटवाघळांच्या आहेत. लहान जाती रात्रीं स्वतःच्या आवाजाच्या प्रतिध्वनीवरून किडे टिपतात व त्यांत पिकांवरील पतंगही असतात. मोठ्या जाती फळें खातात, पेरूचिकूच्या बागांचें नुकसानही करितात. परंतु त्याच जाती रानांत बिया पसरवितात व रात्रीं उमलणाऱ्या कांहीं फुलांचें परागीकरण करितात. मादीस बहुधा वर्षास एकच पिलूं होतें. म्हणून एकदां वस्ती उठविली कीं ती भरून यावयास फार वर्षें लागतात.

खवल्या मांजर हें मांजरही नव्हे व सरड्याच्या जातीचेंही नव्हे. त्याचे खवले आपल्या नखांच्याच द्रव्याचे असून पोटाकडे केस असतात. तोंडांत दांत मुळींच नाहींत. लांब जिभेनें तें मुंग्या व वाळवी टिपतें. पिलूं बहुधा एकच, आणि तें आईच्या शेपटीवर बसून हिंडतें. खवल्यांत औषधी गुण आहेत ह्या समजुतीपायीं ह्या गरीब प्राण्याची बेसुमार हत्या झाली. नख चघळून जो गुण येईल त्याहून अधिक गुण खवल्यांत असण्याचें कारण नाहीं. वन्यजीव संरक्षणाच्या १९७२ च्या कायद्यान्वयें त्यास सर्वांत कडक संरक्षण आहे, व १९१७ नव्हे तर २०१७ पासून, म्हणजे अगदीं अलीकडे, त्याचा आंतरराष्ट्रीय व्यापारही बंद झाला आहे.

आमची एक चूक

आतां आमची चूक सांगतों. आम्ही नोकरींत नवखे असतां दप्तरखान्याचें काम आमच्याकडे होतें. फेरफारांचे रुमाल कुरतडले जात. शिपायानें पिंजरा लाविला, आणि लागोपाठ तीन रात्रीं त्यांत चिचुंद्री सांपडली. वास तिचा, चुकचुक आवाज तिचा, पिंजऱ्यांत तीच. मग चोरही तीच, असा आम्हीं निकाल दिला व तिन्ही वेळां पिंजरा बादलींत बुडविण्यास सांगितलें. चोर सांपडला ह्या समाधानांत आम्हीं भिंतीकडे पाहिलें नाहीं.

पुढच्या महिन्यांत एक विधवा बाई वारसाच्या नोंदीसाठीं आली. तिच्या नवऱ्याच्या वाटणीचा कागद ज्या रुमालांत होता त्याचा कोपरा पार गेला होता, आणि त्याबरोबर सर्व्हे नंबर व सही. नक्कल जुळवितां जुळवितां, जबाब घेतां घेतां बाईस अनेक महिने हेलपाटे घालावे लागले. प्रत्येक खेपेस ती मजुरी बुडवून येई. ती आम्हांस एक शब्दही बोलली नाहीं; बोलली असती तर बरें झालें असतें.

त्या दिवशीं उताऱ्यासाठीं आलेल्या एका वृद्ध शेतकऱ्यानें पिंजऱ्यांतील मेलेल्या चौथ्या चिचुंद्रीचें तोंड काडीनें उघडून आम्हांस दाखविलें. “रावसाहेब, हिला पटाशी कुठं आहे? कागदावर तर पटाशीच्या जोडखुणा आहेत.” खरोखरच कागदाच्या कडेस जोडीजोडीनें उठलेल्या बारीक खांचा होत्या. कपाट सरकवितां मागें मोरीच्या नळाशीं उंदरांचें बीळ निघालें. तें कांच व सिमेंट घालून बुजविलें, तेव्हां कुरतडणें थांबलें. म्हणजे चूक पिंजऱ्याची नव्हती, आमच्या प्रतबंदीची होती. चुकीच्या गणावर आरोप ठेविला, आणि खऱ्या गणास मोकळें रान दिलें.

पिसाळण्याचा रोग

शेवटीं एक अत्यंत महत्त्वाची गोष्ट. पिसाळण्याचा रोग हा सस्तनांचा रोग आहे. साप, सरडा किंवा विंचू यांपासून तो होत नाहीं. कुत्रा, मांजर, कोल्हा, मुंगूस, माकड यांच्या चाव्यानें तो होऊं शकतो, आणि गाईम्हशींसही तो होतो. गाय लाळ गाळूं लागली, गिळेना, हंबरूं लागली, कीं घशांत कांहीं अडकलें असें समजून आपले लोक तिच्या तोंडांत हात घालतात. असें कधींही करूं नये, पशुवैद्यास बोलवावें. लाळ जखमेस लागली किंवा चावा झाला तर जखम साबणानें व वाहत्या पाण्यानें पंधरा मिनिटें धुवावी, चुना-हळद-मिरची लावूं नये, आणि त्याच दिवशीं दवाखान्यांत जाऊन लस सुरू करावी. १८८५ सालीं लुई पाश्चर यानें ही लस प्रथम माणसास टोंचली. तेव्हांपासून वेळेवर टोंचून घेणाऱ्यांचे प्राण वांचत आले आहेत. लक्षणें दिसूं लागल्यावर मात्र बहुधा कांहींच उपाय चालत नाहीं.

समारोप

सारांश, काठी उचलण्यापूर्वी प्राण्याची प्रत पाहावी. पटाशीची जोडी व मध्यें मोकळी जागा दिसली तर तो कुरतडणारा. त्याचा बंदोबस्त बिळें बुजवून, धान्य उंच व झांकून ठेवून, बांध स्वच्छ राखून करावा. टोंकदार दांतांची सलग रांग दिसली तर ती किडे खाणारी. तीस वाट द्यावी. पंखांत बोटें दिसलीं तर तें वटवाघूळ. त्याच्या वस्तीस हात लावूं नये. खवल्यांखालीं केस दिसले तर दूर सरून वनखात्यास कळवावें. आणि गोठ्यांत वासरूं जन्मलें तर वारेची वाट न पाहतां त्यास चीक पाजावा.

आमच्या गांवच्या तरुणांनीं तो ढीग पुन्हां उपसला, चिचुंद्र्या वेगळ्या काढिल्या आणि प्रत्येकीचें तोंड काडीनें उघडून पाहिलें. मेलेल्या जीवांचा त्यानें कांहीं लाभ झाला नाहीं. पुढच्या वर्षीं मात्र होईल अशी आम्हांस आशा आहे. वाचकांनींही आपापल्या शिवारांत एकवार असें पाहावें, एवढी विनंति करून हा लेख पुरा करितों.